कान्हेरी वाचताना

मेक्सिकोतल्या चिचेन इत्साला जाऊन आलेली मराठी माणसं आता दुर्मिळ राहिलेली नाहीत. अमेरिकेत नोकरी करणाऱ्या मुलांकडे आईवडील जातात, मुलं त्यांना कॅनकूनच्या समुद्रावर नेतात आणि तिथून एका दिवसाच्या सहलीच्या बसमध्ये बसवून देतात. सकाळी निघायचं, दोनशे किलोमीटर जायचं, गाइडच्या मागून फिरायचं आणि संध्याकाळी परत. आमच्या खारदांड्यातलंच एक जोडपं असं जाऊन आलं. फोटो सुरेख होते. गाइडनं काय सांगितलं असं मी विचारलं, तेव्हा कळलं ते एवढंच, की माया नावाचे फार हुशार लोक होते, त्यांनी पिरॅमिड बांधले आणि एक दिवस ते सगळे गूढ रीतीनं नाहीसे झाले.

हे नाहीसं होण्याचं प्रकरण जगभरच्या गाइडांना फार प्रिय आहे. खरं पाहता त्या युकातान भागात आजही लाखो माणसं माया भाषा बोलतात. सहलीची बस चालवणारा कदाचित त्यांच्यातलाच असेल. त्यांच्या पूर्वजांनी दगडांवर जे कोरून ठेवलं ते मात्र फार उशिरा वाचता आलं. यूरी क्नोरोझोव्ह या रशियन विद्वानानं १९५२ मध्ये त्या लिपीची वाट दाखवली. पुढे १९६० मध्ये तातियाना प्रोस्कुरियाकोव्ह यांनी दाखवून दिलं, की ज्या मजकुराला लोक केवळ पंचांग आणि ग्रहतारे समजत होते, त्यात हाडामांसाच्या राजांचे जन्म, राज्यारोहणं आणि लढाया आहेत. म्हणजे दगड पूर्वीपासून बोलत होते, ऐकणारा भेटायचा होता.

जुने अवशेष बघायला जाणं आणि ते वाचायला जाणं, यांत फरक आहे. तो मला समजला त्यासाठी मेक्सिको गाठावं लागलं नाही. खारहून बोरिवली लोकल पुरली.

आम्ही सतराजण होतो. कोळीवाड्यातल्या काही बायका, दोन निवृत्त शिक्षक, मासेमारीतून आता जरा मोकळे झालेले एक तांडेल, चार-पाच कॉलेजची मुलं. वाट दाखवायला पुरातत्त्व शिकणारी एक मुलगी ठरवली होती. बोरिवली पूर्वेला उतरून राष्ट्रीय उद्यानाच्या फाटकातून आत शिरलं, की सहा-सात किलोमीटरवर कान्हेरीचा डोंगर. उद्यानाची बस पायथ्याशी सोडते. तिथं पहिलं स्वागत माकडं करतात. डबे पिशवीत खोल ठेवा, असं मुलीनं आधीच बजावलं होतं, तरी एक चपातीची गुंडाळी गेलीच.

कान्हेरीला शंभराहून अधिक लेणी आहेत. इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकाच्या सुमारास इथं बौद्ध भिक्षूंची वस्ती सुरू झाली आणि ती हजार वर्षं टिकली. महाराष्ट्रातल्या किती संस्था हजार वर्षं चालल्या असतील, याचा विचार करून पाहा. जुन्या लेखांत या जागेचं नाव कण्हसेल, कृष्णगिरी असं येतं. काळा डोंगर. त्या नावाचंच पुढे कान्हेरी झालं.

बहुतेक सहली तिसऱ्या क्रमांकाच्या चैत्यगृहापाशी फोटो काढून परततात, आणि चैत्यगृह आहेच तसं. लांबी शहाऐंशी फूट, रुंदी चाळीस, चौतीस खांब, टोकाला स्तूप. व्हरांड्याच्या दोन्ही बाजूंना बुद्धाच्या वीस फुटांहून उंच मूर्ती. या मूर्ती नंतरच्या, पण मूळ चैत्य दुसऱ्या शतकाच्या अखेरचा, सातवाहन राजा यज्ञ सातकर्णीच्या काळातला. दर्शनी भिंतीवर मोठमोठी स्त्रीपुरुषांची जोडपी कोरली आहेत. त्यांच्या पायांतले जाडजूड वाळे बघून आमच्यातल्या एका काकूंनी, असे आपल्या आजीच्या पायांत होते, असं जाहीर केलं. मुलगी हसली आणि म्हणाली, ‘काकू, आता आत येऊन खांब मोजा.’ मोजताना लक्षात येतं, की निम्म्या खांबांनाच नक्षी आहे. उरलेले साधे, अष्टकोनी, काम सोडून दिल्यासारखे. पैसा संपला, माणसं गेली, काय झालं असेल ते असो. मला तरी ते अर्धवट खांब त्या भव्य मूर्तींपेक्षा जास्त आवडले.

मग तिनं आम्हाला दारालगतच्या लेखाखाली उभं केलं. चैत्याचा खर्च गजसेन नावाचा व्यापारी आणि त्याचा भाऊ यांनी केला, हे तिथं लिहिलं आहे. एवढंच असतं तर नवल नव्हतं, देणगीदाराच्या पाट्या आपल्याकडे प्रत्येक देवळात असतात. या लेखात मात्र कामावर देखरेख कुणी केली ते आहे, आणि दगड फोडणाऱ्या, घडवणाऱ्या, गुळगुळीत करणाऱ्या कारागिरांचाही उल्लेख आहे. आपल्याकडे पूल होतो तेव्हा कोनशिलेवर मंत्री असतात. गवंडी असलेली कोनशिला मी अजून पाहिलेली नाही.

हे लेख ब्राह्मी लिपीत आहेत, भाषा बहुतेक ठिकाणी प्राकृत. ही लिपी जेम्स प्रिन्सेपनं १८३७ मध्ये उलगडली. पश्चिम भारतातल्या लेण्यांचे लेख पंडित भगवानलाल इंद्रजी आणि जेम्स बर्जेस यांनी १८८१ मध्ये पुस्तकरूपानं छापले. आणि एकट्या कान्हेरीच्या लेखांवर पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या शोभना गोखले यांनी आपल्या हयातीतली कितीतरी वर्षं घातली, त्यांचा ग्रंथ १९९१ मध्ये आला. ते होईपर्यंत इथं येणाऱ्याला काय सांगितलं जात होतं? पांडवांनी एका रात्रीत कोरलं. पोर्तुगीजांच्या काळात तर आणखी मजा. त्यांचा इतिहासकार दियोगु दु कुतु इथल्या एका भुयाराची गोष्ट सांगतो, जे म्हणे थेट खंबायतपर्यंत जातं. एक पाद्री दोर आणि शिधा घेऊन ते शोधायला निघाला आणि काही दिवस चालून परत आला, असं त्यानं लिहून ठेवलं आहे. भुयार आजही आहे, म्हणजे लोकांच्या बोलण्यात आहे. आमच्या डब्यातल्या एका प्रवाशानं जातानाच आम्हाला त्याची खात्री दिली होती.

पायऱ्या चढत वर निघालो आणि आमच्या काकूंनी दिवसातला सर्वांत चांगला प्रश्न विचारला. एवढी माणसं डोंगरावर राहायची, तर प्यायचं पाणी कुठून आणायची?

या भागात वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो, पण तो जवळजवळ सगळा चार महिन्यांत. उरलेले आठ महिने डोंगर कोरडा. भिक्षूंनी यावर केलेला उपाय डोळ्यांसमोरच होता, फक्त कुणीतरी बोट दाखवायला हवं होतं. लेण्यांच्या माथ्यावर खडकात बारीक पन्हळी कोरल्या आहेत. उतारावरून येणारं पावसाचं पाणी त्या गोळा करतात आणि लेण्याच्या दाराशेजारी खडकातच खोदलेल्या टाकीत सोडतात. जवळपास प्रत्येक विहाराला अशी आपली टाकी. लेखांतला शब्द आहे पोढी. काही पोढ्यांत आजही भर उन्हाळ्यात पाणी असतं. युकातानातही हीच अडचण होती. तिथं जमीन चुनखडीची, पाणी झिरपून जाणारं, वाहती नदी नाही. उश्मलसारख्या माया शहरांत लोकांनी बाटलीच्या आकाराच्या भूमिगत टाक्या खोदून आतून चुन्याचा गिलावा दिला आणि पाऊस साठवला. एकमेकांचं नावही न ऐकलेल्या दोन समाजांनी पावसाशी सारखाच व्यवहार केला.

याच डोंगररांगेत पुढे १८६० मध्ये विहार तलाव आणि १८७९ मध्ये तुळशी तलाव बांधून इंग्रजांनी मुंबईला नळाचं पाणी दिलं. पाणी कुठं अडवायचं हे भिक्षूंना सतराशे-अठराशे वर्षं आधी कळलं होतं.

पोढी खोदायला पैसा लागतो. तो कुणी दिला? एका पोढीवर कल्याणच्या सामिदत्त नावाच्या सोनाराचं नाव आहे. दुसरी सोपाऱ्याच्या, म्हणजे आजच्या नालासोपाऱ्याच्या, एका व्यापाऱ्याची. चौलचे दाते आहेत. भिक्षुणी आहेत, कुणाच्या बायका, कुणाच्या सुना आहेत. नवव्या शतकाच्या मध्यावरचा, शके ७७५ चा एक लेख तर गौड देशातून, म्हणजे बंगालकडून आलेल्या अविघ्नाकर नावाच्या उपासकाचा आहे. त्यानं शंभर द्रम्म ठेव म्हणून दिले. ठेव मोडायची नाही, व्याजातून भिक्षूंचा खर्च भागवायचा. याला अक्षयनीवी म्हणत. आपण फिक्स्ड डिपॉझिट म्हणतो.

एका लेखात शेताचं दान आहे. ते शेत कुठल्या गावात, तर मंगलठाणात. मुलीनं तो शब्द दोनदा उच्चारला आणि कॉलेजच्या मुलांपैकी एकजण ओरडलाच, ‘मागाठाणे!’ हो, तेच. बोरिवलीचं मागाठाणे, जिथं आता मेट्रोचं स्टेशन आहे. त्या शेतातल्या धान्यावर इथल्या भिक्षूंची वस्त्रं येत होती. मुंबईची उपनगरं म्हणजे कालपरवा खाडी बुजवून उभी केलेली वस्ती, असं ज्यांना वाटतं त्यांनी हे एक नाव ध्यानात ठेवावं.

मला मात्र वेगळाच विचार चिकटला. साष्टी हे तेव्हा चहूबाजूंनी पाणी असलेलं बेट होतं. आमचं दांडा आणि कान्हेरी, दोन्ही एकाच बेटावरची. कल्याणचा सोनार असो, सोपाऱ्याचा व्यापारी असो की चौलचा कुणी, खाडी ओलांडल्याशिवाय इथं येणं शक्य नव्हतं. म्हणजे प्रत्येक दात्याला कुणीतरी होडीतून आणलं असणार. कारागिरांचा उल्लेख आहे, सोनाराचा आहे, सुनांचाही आहे. वल्हं मारणाऱ्याचा मला अजून कुठल्या लेखात भेटलेला नाही.

शेवटी नव्वदाव्या लेण्यात पोचलो तेव्हा तीन वाजले होते. इथं ब्राह्मीखेरीज आणखी एक अक्षर दिसतं, वेगळ्याच वळणाचं. ती पहलवी, जुन्या इराणची लिपी. १००९ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात आणि पुन्हा १०२१ च्या ऑक्टोबरात काही पारशी मंडळी कान्हेरी बघायला आली आणि आपली नावं, बापाच्या नावांसकट, तारीख घालून इथं कोरून गेली. पूजेसाठी नव्हे, दान देऊन नव्हे. नुसती बघायला. पाऊस संपल्यावर, हवा छान असताना. सहलीचा मोसम त्यांनाही कळत होता. त्याच शतकांत तिकडे चिचेन इत्सा भरात होतं.

या लेखांपाशी आमच्यात वाद झाला. शेजारच्या लेण्यांच्या भिंतींवर बदामात कोरलेली नावं आम्ही वाटेत पाहिली होती आणि शिक्षकांनी त्यावर बरंच काही सुनावलं होतं. मग एका मुलानं विचारलं, पारशांनी कोरलं तो इतिहास आणि आमच्या वयाच्या पोरानं कोरलं ती नासधूस, असं का? शिक्षक म्हणाले, कायदा. पुरातत्त्व खात्याच्या संरक्षित वास्तूवर ओरखडा काढणं हा गुन्हा आहे, हे खरंच. मुलीचं उत्तर मला जास्त पटलं. ती म्हणाली, पारशी आले तेव्हा भिंत मोकळी होती, आता ती भरलेली आहे. आता नवं नाव कोरायचं म्हणजे कुणाचं तरी जुनं खरवडायचं. मुलाचं पूर्ण समाधान झालं नाही. वाद तसाच राहिला.

याच लेण्यात अवलोकितेश्वराचं एक मोठं शिल्प आहे. मध्ये तो उभा आणि दोन्ही बाजूंना संकटांत सापडलेली, त्याचा धावा करणारी माणसं. कुणावर हत्ती चालून येतो, कुणाला चोरांनी गाठलं आहे, आणि एका चौकटीत वादळात सापडलेली बोट आहे. चौदापंधराशे वर्षांपूर्वी समुद्रावर जाणाऱ्यांना कशाची भीती वाटत होती ते इथं थेट लिहून ठेवल्यासारखं आहे. आमचे तांडेल दिवसभर फारसे बोलले नव्हते. ते त्या चौकटीसमोर खाली बसले, चष्मा पुसला आणि बराच वेळ बघत राहिले. मग त्यांनी विचारलं, ‘यातला तांडेल कोण?’

मुलीनं टॉर्च जवळ नेला. दगड झिजलेला आहे, माणसांचे चेहरे उरलेले नाहीत. तांडेल बोटीच्या मागच्या टोकाशी बोट नेऊन, दगडाला न लावता, म्हणाले, इथं असणार. शेवटची बस पाचची होती, आम्ही उतरायला लागलो.