'ऱ्होडामीन' : एका रासायनिक संज्ञेचा अर्थ व वापर (वाशीम जिल्ह्यातील गुलाबी रंगाच्या विशेष संदर्भात)

बीजसंज्ञा : ऱ्होडामीन, प्रतिदीप्ती, झँथीन रंजके, कुसुंबा, गुलाल, बीजप्रक्रिया, अन्नभेसळ.

प्रस्तावना

विज्ञानातील संज्ञा ही केवळ एखाद्या पदार्थाचे नाव नसते. ती कोणी, कोठे आणि कशासाठी घडविली, पुढे ती कोणाच्या हाती गेली आणि वापरानुसार तिचा अर्थ कसा पालटला, याचा इतिहास त्या संज्ञेत साठविलेला असतो. 'ऱ्होडामीन' ही संज्ञा या दृष्टीने अभ्यासण्यासारखी आहे. प्रकाश शोषून तो वेगळ्या रंगात परत देणाऱ्या, म्हणजेच प्रतिदीप्तिमान सेंद्रिय रंजकांच्या एका गटाचे हे नाव आहे. जर्मनीतील कारखान्यात जन्मलेले हे नाव प्रयोगशाळांत, कायद्याच्या चर्चेत आणि वृत्तपत्रांत पोहोचले. परंतु ज्या ग्राहकाच्या हाती हा रंग प्रत्यक्ष येतो, त्याच्या बोलीत ते आलेच नाही. वाशीम जिल्ह्यातील शेतकरी, दुकानदार वा गृहिणी 'गुलाबी रंग' एवढेच म्हणते. पदार्थ घरात आला आणि नाव मात्र दाराबाहेर राहिले. या अंतराचा इतिहास पाहणे व त्याचे परिणाम तपासणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

संज्ञेची व्युत्पत्ती

'ऱ्होडामीन' हा शब्द दोन घटकांचा बनला आहे. 'ऱ्होडॉन' या ग्रीक शब्दाचा अर्थ गुलाबाचे फूल असा होतो, तर 'अमाइन' हे अमोनियापासून सिद्ध होणाऱ्या नायट्रोजनयुक्त संयुगांचे नाव आहे. थोडक्यात, 'गुलाबी रंगाचे अमाइन' असा या संज्ञेचा सरळ अर्थ आहे.

येथे भाषेचा एक योग लक्षात घेण्यासारखा आहे. ग्रीक 'ऱ्होडॉन' हा शब्द प्राचीन इराणी भाषेतून ग्रीकमध्ये गेला असे भाषाशास्त्रज्ञ मानतात. त्याच इराणी मुळापासून फारसीतील 'गुल' हा शब्द सिद्ध झाला. 'गुल' म्हणजे फूल आणि 'आब' म्हणजे पाणी. यांच्यापासून 'गुलाब' व पुढे मराठीतील 'गुलाबी' हे विशेषण तयार झाले. म्हणजे रसायनशास्त्रज्ञाचे 'ऱ्होडामीन' आणि मराठी माणसाचे 'गुलाबी' हे दोन्ही शब्द मुळात एकाच घराण्यातील आहेत. एक पश्चिमेकडून युरोपची वाट धरून आला, दुसरा फारसीच्या मार्गाने दख्खनमध्ये स्थिरावला. शब्दांचे हे नाते असूनही व्यवहारात त्यांची ओळख परस्परांना पटलेली नाही.

मराठीत या संज्ञेचे लेखनही एकरूप नाही. ऱ्होडामीन, रोडामाइन, रोडामिन अशी रूपे आढळतात. महाराष्ट्र शासनाचे भाषा संचालनालय 1960 साली स्थापन झाले आणि त्याने विविध शास्त्रांचे परिभाषा कोश सिद्ध केले. परंतु विशिष्ट रासायनिक पदार्थांची नावे आंतरराष्ट्रीय रूपातच ठेवावीत, हा संकेत भारतीय भाषांत सर्वसाधारणपणे मान्य झालेला आहे. तो शास्त्रदृष्ट्या योग्यच होय; मात्र अशा नावाचा अर्थ लोकांपर्यंत नेण्याची वेगळी व्यवस्था त्यामुळे आवश्यक ठरते.

संज्ञेचा जन्म : 1852 ते 1887

ऱ्होडामीनच्या जन्मापूर्वी प्रतिदीप्तीची संकल्पना स्पष्ट व्हावी लागली. जॉर्ज गॅब्रिएल स्टोक्स या शास्त्रज्ञाने 1852 साली या आविष्काराचे विवेचन केले आणि फ्लुओरस्पार या खनिजाच्या नावावरून त्यास 'फ्लुओरेसन्स' ही संज्ञा दिली. पदार्थ ज्या तरंगलांबीचा प्रकाश शोषतो, त्याहून अधिक तरंगलांबीचा प्रकाश तो बाहेर टाकतो, हे त्याने दाखविले.

1871 साली आडोल्फ फॉन बायर याने रिसॉर्सिनॉल व थॅलिक अनहायड्राइड यांच्यापासून 'फ्लुओरेसीन' तयार केले. या पदार्थाचे विद्राव पिवळसर हिरव्या प्रकाशाने चकाकतात. सेंद्रिय रंजकांवरील कार्याचा विचार होऊन बायर यास 1905 साली नोबेल पारितोषिक मिळाले. फ्लुओरेसीनमध्ये ब्रोमीनचे अणू जोडून हाइन्रिख कारो याने 1874 मध्ये 'इओसीन' हा तांबडा रंग सिद्ध केला. पुढे बीएएसएफ या जर्मन रंगकंपनीतील मोरिस सेरेसोल याने 1887 साली ऱ्होडामीन रंजके शोधून काढली.

फ्लुओरेसीन व ऱ्होडामीन यांच्या रेणूंचा सांगाडा एकच आहे. तीन वलये शेजारी-शेजारी जोडलेली असतात आणि मधल्या वलयात ऑक्सिजनचा एक अणू पुलासारखा बसलेला असतो. या सांगाड्यास झँथीन म्हणतात. सांगाड्याच्या दोन्ही टोकांना ऑक्सिजनचे गट असतील तर फ्लुओरेसीन आणि नायट्रोजनचे गट असतील तर ऱ्होडामीन, असा हा भेद आहे. ऱ्होडामीन बी हिरवा प्रकाश (सुमारे 550 नॅनोमीटर) शोषते आणि नारिंगी-तांबडा प्रकाश बाहेर टाकते. साधा तांबडा रंग केवळ तांबडा प्रकाश परावर्तित करतो. ऱ्होडामीन त्यात स्वतःच्या प्रकाशाची भर घालते. त्यामुळेच तो रंग डोळ्यांत भरतो. हे तेज हेच त्याच्या लोकप्रियतेचे आणि पुढे त्याच्या गैरवापराचेही कारण ठरले.

नावापुढील अक्षरांचाही अर्थ आहे. जर्मन रंगउद्योगाच्या पद्धतीनुसार 'बी' हे अक्षर निळसर छटा आणि 'जी' हे अक्षर पिवळसर छटा दर्शविते. 'ऱ्होडामीन 6जी' यातील आकडा पिवळसरपणाचे आधिक्य सुचवितो. रंगांच्या आंतरराष्ट्रीय सूचीत, म्हणजे कलर इंडेक्समध्ये, ऱ्होडामीन बी याचा क्रमांक 45170 असून त्याचे सूचीनाम 'बेसिक व्हायोलेट 10' असे आहे. अर्थात गुलाबाचे नाव धारण करणारा हा पदार्थ सूचीत जांभळ्या रंगांच्या रांगेत बसलेला आहे. एकाच वस्तूस अनेक नावे असल्याने सामान्य ग्राहकास तिची ओळख पटणे अधिकच कठीण होते.

वऱ्हाडातील पूर्वीचा गुलाबी रंग

वाशीम जिल्हा 1 जुलै 1998 रोजी अकोला जिल्ह्यातून वेगळा करण्यात आला. तथापि वाशीमला स्वतंत्र प्रशासकीय अस्तित्व त्यापूर्वीही होते. वऱ्हाडातील वाशीम हा जिल्हा 1905 साली अकोला व यवतमाळ या जिल्ह्यांत विभागून विलीन करण्यात आला होता. प्राचीन काळी वत्सगुल्म या नावाने हे नगर वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी होते.

कृत्रिम रंजके येण्यापूर्वी या भूभागात रंगांचे साधन वनस्पती हेच होते. आलीच्या मुळापासून तांबडा, नीळेपासून निळा, हळदीपासून पिवळा आणि पळसाच्या फुलांपासून केशरी रंग मिळत असे. गुलाबी छटेसाठी करडईची फुले उपयोगी पडत. करडई हे वऱ्हाड व मराठवाड्यातील जुने रब्बी पीक आहे. तिच्या पाकळ्यांतील पिवळा अंश पाण्याने धुवून टाकावयाचा, मग क्षाराच्या साहाय्याने तांबडा अंश काढावयाचा आणि लिंबासारख्या आंबट पदार्थाने तो कापडावर बसवावयाचा, अशी ही कृती होती. त्यावरूनच मराठीत 'कुसुंबी' हा रंगवाचक शब्द रूढ झाला. हा रंग सुंदर असला तरी उन्हात लवकर उडत असे आणि तो काढण्यास श्रम फार पडत.

1853 च्या तहाने वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात आले. कापूस हे येथील मुख्य नगदी पीक ठरले. कारंजा ही कापसाची महत्त्वाची बाजारपेठ होती आणि मूर्तिजापूर-यवतमाळ ही अरुंदमापी रेल्वे कारंजा मार्गे धावत असे. कापूस बाहेर गेला, विलायती कापड आणि कृत्रिम रंग आत आले. रंगारी, भावसार, निराळी या समाजांच्या परंपरागत व्यवसायावर त्याचा परिणाम झाला.

मात्र ऱ्होडामीनच्या बाबतीत एक गोष्ट वेगळी घडली. हे रंजक रेशीम व लोकरीवर सहज बसते. सुती कापडावर ते बसविण्यासाठी टॅनिनसारख्या बंधकाची गरज लागते आणि तरीही ते उन्हात फिके पडते. त्यामुळे कापसाच्या या प्रदेशात ऱ्होडामीनला वस्त्रांमध्ये मोठे स्थान मिळण्याजोगे नव्हते. त्याचा वापर कागद, शाई, उदबत्ती आणि रंगपूड अशा किरकोळ वस्तूंत झाला. कापड रंगविणाऱ्या कारागिराला निदान आपल्या रंगाचे नाव ठाऊक असते. सुट्या पुडीतून येणाऱ्या रंगाला नावच उरत नाही. कुसुंबी रंगाबरोबर करडईची ओळख होती. पुडीतील गुलाबीबरोबर कोणतीच ओळख आली नाही.

वापराचा विस्तार

विसाव्या शतकात 'ऱ्होडामीन' या संज्ञेचा वापर रंगकामापुरता राहिला नाही. प्रतिदीप्तिमान रंजकाचे अत्यल्प प्रमाणही उपकरणाने ओळखता येते. या गुणाचा उपयोग प्रथम फ्लुओरेसीनच्या बाबतीत झाला. 1877 साली जर्मनीत डॅन्यूब नदीचे जमिनीत लुप्त होणारे पाणी कोठे जाते हे शोधण्यासाठी सुमारे 10 किलोग्रॅम रंजक नदीत सोडण्यात आले आणि सुमारे 60 तासांनी ते आख नदीच्या उगमापाशी प्रकट झाले. पुढे जलप्रवाहांच्या मागोव्यासाठी ऱ्होडामीन गटातील रंजकेही वापरात आली. सूक्ष्मदर्शकाखाली पेशींचे भाग वेगळे दाखविण्यासाठी ती उपयोगी पडली. 1966 नंतर रंजक-लेसरचे तंत्र विकसित झाले, त्यात ऱ्होडामीन 6जी हे सर्वाधिक वापरले गेलेले रंजक ठरले.

महाराष्ट्रातही रंजकशास्त्राची भक्कम परंपरा निर्माण झाली. मुंबई विद्यापीठाचा रासायनिक तंत्रज्ञान विभाग 1933 साली सुरू झाला. तेथे कार्य करणारे के. वेंकटरामन यांनी कृत्रिम रंजकांच्या रसायनशास्त्रावर लिहिलेला इंग्रजी ग्रंथ 1952 साली दोन खंडांत प्रसिद्ध झाला व जगभर मान्यता पावला. 1957 साली ते पुणे येथील राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेचे पहिले भारतीय संचालक झाले. अशा प्रकारे ज्या राज्यात रंजकांचे उच्च ज्ञान उपलब्ध होते, त्याच राज्याच्या ग्रामीण बाजारात रंजकाचे नावही पोहोचले नव्हते, ही विसंगती नोंदवावी लागते.

वाशीम जिल्ह्याच्या संदर्भातील तीन गुलाबी

आजच्या ग्रामीण जीवनात गुलाबी रंग तीन निरनिराळ्या अर्थांनी भेटतो.

पहिला अर्थ इशाऱ्याचा आहे. वाशीम हा प्रामुख्याने सोयाबीन व तूर पिकविणारा जिल्हा आहे. बुरशीनाशक वा कीटकनाशक लावलेले बियाणे खाण्याच्या धान्यात मिसळू नये म्हणून ते मुद्दाम रंगविले जाते. यासाठी वापरल्या जाणाऱ्या रंगांत ऱ्होडामीन बी याचाही समावेश होतो. येथे गुलाबी रंग 'हे खाऊ नका' असे सांगतो.

दुसरा अर्थ उत्सवाचा आहे. होळी, मिरवणूक, निवडणुकीतील विजय अशा प्रसंगी गुलाल उधळला जातो. मानोरा तालुक्यातील पोहरादेवी हे बंजारा समाजाचे श्रद्धास्थान आहे आणि होळी हा या समाजाचा मोठा सण आहे. विदर्भात फाल्गुनात पळस फुललेला असतो. त्याच्या फुलांचा रंग पूर्वी सर्रास वापरात होता. बाजारातील स्वस्त रंगपुडींनी त्याची जागा घेतली. अशा पुडींत ऱ्होडामीन, ऑरामाइन, मॅलाकाइट ग्रीन यांसारखी औद्योगिक रंजके आढळल्याचे भारतातील तपासण्यांतून पुढे आले आहे.

तिसरा अर्थ आमिषाचा आहे. जत्रेतील 'बुढ्ढी के बाल', रंगीत मिठाई, उपवासाची रताळी यांना आकर्षक रंग आणण्यासाठी ऱ्होडामीन बी वापरले जाण्याचा धोका असतो. भारतीय अन्न कायद्याने ठरावीक आठच कृत्रिम रंगांना मान्यता दिली असून त्यांत ऱ्होडामीन बी नाही. अन्नभेसळ प्रतिबंधक कायदा 1954 चा असून त्याची जागा घेणारा अन्नसुरक्षा व मानके कायदा 2006 साली संमत झाला. फेब्रुवारी 2024 मध्ये तामिळनाडू शासनाने याच रंजकामुळे 'बुढ्ढी के बाल' या पदार्थावर बंदी घातली, त्यानंतर मार्च 2024 मध्ये कर्नाटकानेही अन्नातील ऱ्होडामीन बीच्या वापराविरुद्ध पाऊल उचलले. ही घटना घडल्यानंतरच हे नाव वृत्तपत्रांतून सर्वसामान्यांपर्यंत पोहोचले.

येथे एक खुलासा आवश्यक आहे. एखादे रंजक कोणत्या कुळातील आहे, यावरून त्याची अन्नातील मान्यता ठरत नाही. मान्य आठ रंगांतील 'एरिथ्रोसीन' हे ऱ्होडामीनच्याच झँथीन कुळातील आहे. तेही सर्वत्र निर्वेध मान्य नाही; अमेरिकेने जानेवारी 2025 मध्ये अन्नातील त्याची मान्यता मागे घेतली. दुसरीकडे, ऱ्होडामीन बी मानवात कर्करोग निर्माण करते असे सिद्ध झाल्याची मांडणीही अचूक नाही. जागतिक कर्करोग संशोधन संस्थेने ते वर्गीकरण करता न येणाऱ्या गटात ठेवले आहे. अन्नात ते निषिद्ध आहे याचे कारण एवढेच पुरेसे आहे, की खाद्यपदार्थ म्हणून त्याची सुरक्षितता सिद्ध झालेली नाही.

रताळ्याची घरगुती तपासणी सोपी आहे. पाण्यात वा खाद्यतेलात भिजविलेला कापसाचा बोळा सालीवरून चोळावा. बोळ्यास रंग लागला तर रताळे ऱ्होडामीन बीने रंगविल्याचा संशय घ्यावा, अशी पद्धत भारतीय अन्नसुरक्षा व मानके प्राधिकरणाने सुचविली आहे.

निष्कर्ष

1. 'ऱ्होडामीन' ही संज्ञा मुळात रंगाचे वर्णन करणारी होती. नंतर ती एका रेणुरचनेची, पुढे एका साधनाची आणि शेवटी एका निषिद्ध भेसळीची निदर्शक झाली.

2. संज्ञेच्या अर्थाचा हा विस्तार प्रयोगशाळा व कायदा यांच्या कक्षेत झाला. वाशीमसारख्या जिल्ह्यात पदार्थ पोहोचला, संज्ञा पोहोचली नाही.

3. कुसुंबा, आल, पळस या रंगांची नावे त्यांच्या उगमासह लोकभाषेत होती. त्यामुळे कोणता रंग कशासाठी, हे ज्ञान नावातच सामावलेले होते. 'गुलाबी रंग' या एकाच नावाखाली बियाण्याचा इशारा, सणाचा आनंद आणि खाऊचे आमिष एकत्र आल्याने हा विवेक नष्ट झाला.

4. परिभाषेचे मराठीकरण म्हणजे केवळ नवा शब्द घडविणे नव्हे. 'ऱ्होडामीन' हे नाव तसेच ठेवून, ते बियाण्याच्या पिशवीवर, रंगाच्या पुडीवर आणि शालेय पुस्तकात देवनागरीत, अर्थासह व एकाच लेखनरूपात दिले जाणे अधिक उपयुक्त ठरेल.

जो पदार्थ नावाने ओळखता येतो, त्याविषयी दुकानदारास प्रश्न विचारता येतो. ग्राहकास हा प्रश्न विचारता यावा, हाच या संज्ञेच्या अभ्यासाचा व्यावहारिक उपयोग होय.