म्युनिकचा उठाव आणि शांबालाचे द्वार
सेइजी मिझुशिमा दिग्दर्शित ‘फुलमेटल अल्केमिस्ट : कॉन्करर ऑफ शांबाला’ (२००५) हा जपानी अ‍ॅनिमेशनपट त्याच नावाच्या दूरचित्रवाणी मालिकेचा उत्तरभाग होय. त्याचा किमयागार नायक १९२३ च्या म्युनिकमध्ये अडकतो. तेथील थुले सोसायटी शांबालाचे द्वार उघडू पाहते आणि हिटलरचा उठाव या गूढशक्तीवर विसंबलेला दिसतो. विष्णुपुराणातील कल्कीच्या जन्मग्रामाचे, शंबलाचे, हे रूपांतर विलक्षणच! वस्तुतः १९१८ मध्ये स्थापन झालेली ही संस्था तोवर निष्प्रभ झाली होती आणि ९ नोव्हेंबरला उठाव मोडला तो बव्हेरियन पोलिसांच्या गोळीबाराने. अपयशाचे हे लौकिक कारण चित्रपटात झाकोळते. नोआ या रोमा तरुणीची अवहेलना मात्र कल्पित म्हणता येत नाही. पुढे नाझी राजवटीत लाखो रोमांची हत्या झाली.