काशीतील एका मैत्रीचा शेवट

काशीस येणारा महाराष्ट्रीय यात्रेकरू पंचगंगेवर स्नान करतो, विश्वेश्वराचे दर्शन घेतो, दुर्गाघाट-ब्रह्माघाटाच्या गल्ल्यांत कानी पडणाऱ्या मराठी बोलांनी सुखावतो आणि गंगाजलाची लोटी घेऊन परततो. कमच्छा नावाच्या भागाकडे त्याची पावले क्वचितच वळतात. तेथे एक जुनी शाळा आहे, थिऑसॉफिकल सोसायटीचे आवार आहे आणि अ‍ॅनी बेझंट यांचे ‘शांतिकुंज’ हे निवासस्थान आहे. या परिसरात एक थोर मैत्री वाढली आणि येथेच ती मोडली. तिची हकीकत आज सांगावी असे आम्हांस वाटते.

मोडलेल्या मैत्रीचा विषय निघाला की मराठी मनात टिळक-आगरकरांची जोडी उभी राहते. १८८२ साली डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवस एकत्र काढणारे हे दोघे पुढे एकमेकांविरुद्ध लेखणी चालवू लागले. आगरकरांनी १८८७ त ‘केसरी’ सोडला आणि १८८८ त ‘सुधारक’ काढला. टिळक १८९० त डेक्कन एज्युकेशन सोसायटीतून बाहेर पडले. १८९५ साली आगरकर गेले, तेव्हा ‘केसरी’तला मृत्युलेख लिहावयास बसले ते टिळकच. या कथेने आपल्याला मैत्रीच्या शेवटाचे दुःख शिकविले. काशीची कथा त्याच्या जोडीला आणखी एक प्रश्न पुढे ठेवते: मैत्री सरल्यावर दोघांनी मिळून उभारलेल्या वस्तूचे काय करावे?

बेझंटबाई नोव्हेंबर १८९३ मध्ये हिंदुस्थानात आल्या, तेव्हा त्यांचे वय ४६ होते. काशीच्या एका संपन्न घराण्यातले बाबू भगवानदास त्या वेळी अवघे २४ वर्षांचे होते. बाईंच्या वाणीने भारून जाऊन १८९४ त ते थिऑसॉफिकल सोसायटीचे सभासद झाले. पुढे सरकारी नोकरीवर पाणी सोडून त्यांनी बाईंच्या कार्याला वाहून घेतले. १८९८ च्या जुलैत सेंट्रल हिंदू कॉलेज सुरू झाले. काशीनरेश प्रभुनारायण सिंह यांनी कमच्छ्याची जागा दिली आणि संस्था तेथे बहरली. भगवानदास विश्वस्त मंडळाचे सचिव होते. १९०५ साली भगवद्गीतेचे इंग्रजी भाषांतर दोघांच्या नावाने प्रसिद्ध झाले. त्यात प्रत्येक श्लोकाचा शब्दशः अर्थही दिलेला होता. असे काम दोन माणसे करतात, तेव्हा एकेका शब्दासाठी किती वेळा एकमेकांकडे पाहावे लागत असेल, याची कल्पना भाषांतराचा अनुभव असलेल्या वाचकांस सहज येईल.

या स्नेहात भेग पडली ती श्रद्धेच्या प्रश्नावरून. १९०७ त बाई सोसायटीच्या अध्यक्षा झाल्या. १९०९ साली मद्रासजवळच्या अड्यार येथे कृष्णमूर्ती नावाचा मुलगा लेडबीटर यांच्या नजरेस पडला आणि जगद्गुरू याच्याच देहातून प्रकट होणार, असा विश्वास बाईंच्या मनात दृढ झाला. कॉलेजचे प्राचार्य जॉर्ज अरंडेल यांनी जानेवारी १९११ मध्ये काशीतच या भक्तीसाठी एक मंडळ काढले. लवकरच त्याचे ‘ऑर्डर ऑफ द स्टार इन द ईस्ट’ या जागतिक संघटनेत रूपांतर झाले. अध्यापक आणि विद्यार्थी तिच्याकडे ओढले जाऊ लागले.

भगवानदासांनी विरोध केला. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे होते: सोसायटी विचारस्वातंत्र्यावर उभी आहे आणि कॉलेज समाजाच्या देणग्यांवर, तेथे एका व्यक्तीच्या पूजेला स्थान मिळता कामा नये. हे त्यांनी कुजबुजत सांगितले नाही, छापून सांगितले. १९१३ साली अरंडेल आणि त्यांच्याबरोबर अनेक अध्यापक राजीनामे देऊन निघून गेले.

येथे बाईंवर अन्याय होऊ नये. ज्या स्त्रीने आपल्या मतासाठी चर्च सोडले आणि पतीगृह सोडले, तिने श्रद्धेपुढे स्नेहाला गौण मानले यात नवल ते कोणते? १८७७ साली ज्या चार्ल्स ब्रॅडलॉ यांच्या शेजारी ती आरोपी म्हणून न्यायालयात उभी राहिली, त्या नास्तिक मित्रापासूनही १८८९ त थिऑसॉफी स्वीकारताच ती दुरावली होती. बाईंना मैत्री प्रिय होती. परंतु आपल्याला दिसलेले सत्य त्यांना त्याहून प्रिय होते. दुर्दैव असे की, भगवानदासही त्याच मुशीतून घडलेले होते. दोघांना जोडणारा गुण हाच अखेर दोघांना तोडणारा ठरला.

आता त्या वस्तूचे काय झाले ते पाहू. अशा प्रसंगी संस्था बळकावण्याचा मोह होतो. तो साधला नाही तर ती मोडून टाकण्याचा होतो. कॉलेजच्या नशिबी यांपैकी काहीच आले नाही. पंडित मदनमोहन मालवीय यांच्या हिंदू विश्वविद्यालयाची योजना आकारास येत होती. त्या विश्वविद्यालयाच्या पायात हे कॉलेज घातले गेले. ४ फेब्रुवारी १९१६ रोजी कोनशिला बसली. जे एकाचे राहू शकत नव्हते, ते दोघांहून मोठ्या कार्याचे झाले. कमच्छ्याची शाळा आजही त्या विश्वविद्यालयाच्या छत्राखाली चालते.

यानंतर दोघांच्या वाटा राजकारणातही वेगळ्या झाल्या. गांधीजींच्या असहकाराला बाईंनी विरोध केला. भगवानदास त्याच चळवळीत तुरुंगात गेले आणि १९२१ त निघालेल्या काशी विद्यापीठाच्या धुरीणांपैकी एक झाले. ३ ऑगस्ट १९२९ रोजी हॉलंडमधील ओमेन येथे कृष्णमूर्तींनी स्वतःच ती ऑर्डर विसर्जित केली. भगवानदासांची शंका खरी ठरली. पण आपले म्हणणे खरे ठरले म्हणून मधली सोळा वर्षे काही परत येत नाहीत.

२० सप्टेंबर १९३३ रोजी अड्यार येथे बाईंनी देह ठेवला. त्यांच्या अस्थींचा काही भाग काशीस आणून गंगेत विसर्जित केला गेला. १९३४ साली भगवानदासांनी त्यांच्यावर एक पुस्तिका लिहिली. गीतेच्या भाषांतराच्या फुटीनंतरच्या आवृत्त्यांवरही दोन्ही नावे शेजारी शेजारी राहिली. एक नाव खोडावे असे कोणास वाटले नाही. विरोध केला म्हणून ऋण नाकारले नाही, ही या कथेतली मोलाची गोष्ट आम्हांस वाटते.

भगवानदासांचे चिरंजीव श्रीप्रकाश त्याच कॉलेजात शिकले. त्यांनी १९४१ साली बेझंटबाईंवर आदराने ग्रंथ लिहिला. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य अस्तित्वात आले, तेव्हा त्याचे पहिले राज्यपाल हेच श्रीप्रकाश होते, हे आपल्यापैकी किती जणांस ठाऊक आहे?

परमुलखात राहणाऱ्या आम्हां मराठी माणसांस ही कथा जवळची वाटण्याचे कारण आहे. आमची मंडळे, वाचनालये, गणेशोत्सव बहुधा दोन-चार मित्रांच्या उत्साहातून जन्मास येतात. मित्रांचे बिनसले की गावात दुसरे मंडळ निघते, पुस्तकांच्या कपाटाच्या किल्ल्या कोणाकडे यावरून भांडण होते आणि जुन्या अहवालांतून एकाचे नाव गळते. स्नेह टिकविणे नेहमीच आपल्या हाती नसते. मात्र किल्ल्या तिसऱ्या योग्य माणसाच्या हाती ठेवणे आणि अहवालातले नाव तसेच राहू देणे, एवढे निश्चितच आपल्या हाती असते.