टेपच्या आरपार

ओल्या गवताचा वास येतोय ना? मग बरोबर पोचलात. १९७५ चा ऑगस्ट आहे. वेल्समधल्या मॉनमथजवळची ही वॉर्ड बंधूंची शेतवाडी. गुराढोरांच्या, घोड्यांच्या जागेतच त्यांनी रॉकफील्ड स्टुडिओ थाटलाय. क्वीन या ब्रिटिश रॉक बँडची मंडळी ‘अ नाइट ॲट द ऑपेरा’ हा अल्बम इथेच सुरू करताहेत.

दार हळूच लोटा. पियानोवर लांब केसांचा, काळं नेलपॉलिश लावलेला तरुण बसलाय: फ्रेडी मर्क्युरी. ही बोटं पियानोवर बसली ती आपल्या पाचगणीत, सेंट पीटर्समध्ये. तेव्हा तो फारोख बलसारा होता. रॉजर टेलर ड्रमवर, जॉन डीकन बासवर. गाणं रंगात येतं आणि फ्रेडी मधेच थांबतो. इथे ऑपेरा येणार, म्हणे! तेवढ्यापुरती टेप कोरी सोडायची. निर्माता रॉय थॉमस बेकर सोडतो बापडा.

आता चला लंडनला. ती कोरी जागा भरायला साधारण तीन आठवडे लागणार आहेत. कानावर येतोय तो शंभर जणांचा कोरस वाटेल, पण काचेपलीकडे बघा. फ्रेडी, रॉजर आणि ब्रायन मे, तिघेच. रॉजरचा आवाज पार छताला भिडणारा. एकच सूर तिघांनी गायचा, पुन्हा गायचा, मग पुढचा. टेपवर ट्रॅक चोवीसच. भरले की चारपाच ट्रॅक एकात मिसळायचे आणि मोकळ्या झालेल्या जागेवर पुन्हा गायचं. जरा संपत आलंय असं वाटावं, तर फ्रेडी गाण्यातल्या ‘गॅलिलिओ’च्या हाका आणखी वाढवून आणतो.

टेप मशीनच्या हेडवरून फिरते, मागे जाते, पुन्हा फिरते. दर फेरीत तिच्यावरचा ऑक्साइडचा थर खरवडला जातो. आवाज साठतो तो याच थरात. एकदा कुणीतरी टेप उजेडासमोर धरतं आणि पलीकडचं दिसायला लागतं! गाणं पुरं होण्याआधीच विरून जायच्या बेतात. घाईघाईने दुसऱ्या टेपवर नक्कल उतरवली जाते.

सहा मिनिटांना पाच सेकंद कमी, एवढं ते ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’. रेडिओवर कोण वाजवणार, असं जाणकार म्हणतील. म्हणू द्या. सिंगल नऊ आठवडे ब्रिटनमध्ये पहिल्या नंबरवर राहणार आहे.

निघण्यापूर्वी ब्रायनची गिटार जवळून पाहून घ्या. शाळकरी वयात वडिलांबरोबर घरीच बनवलेली. मान शेकोटीवरच्या जुन्या फळीतून कोरलेली, स्प्रिंगा मोटारसायकलच्या. प्लेक्ट्रमऐवजी बोटांत सहा पेन्सचं नाणं. हिच्याच जोरावर ‘गुड कंपनी’मध्ये तो अख्खा जॅझ बँड उभा करतो. अल्बमच्या वेष्टनावर सिंथेसायझर नसल्याचं बजावून छापलंय, ते उगाच नाही.

माझ्या लेखी अल्बममधली खरी करामत हीच, ऑपेराच्या गजरात झाकली गेलेली. घरी परतलात की आधी ‘गुड कंपनी’ लावा. शेवटाकडे क्लॅरिनेट आणि ट्रॉम्बोन ऐकू येतील. स्टुडिओत तेव्हा यातलं एकही वाद्य नव्हतं.