नाकाचा मान आणि नाकाचें माप

नाक हें मराठी भाषेंत अब्रूचें दुसरें नांव आहे. तें राखावें लागतें, वर ठेवावें लागतें, आणि कापलें गेलें म्हणजे साऱ्या घराण्याची मान खालीं जाते. ही भाषा एके काळीं अक्षरशः खरी होती. शिक्षा म्हणून वा सूड म्हणून माणसांचीं नाकें खरोखरच कापलीं जात. या आपत्तीवरील उपायहि फार जुना आहे. पानानें माप घेऊन गालाची कातडी सोडवावी व ती नाकाच्या जागीं जोडावी, असा विधि सुश्रुतसंहितेंत सांगितला आहे.

इंग्रज आणि टिपू यांच्यांतील जें युद्ध १७९२ सालीं संपलें, त्यांत इंग्रज फौजेचे बैल हांकणारा कावसजी टिपूच्या हातीं सांपडला. त्याचें नाक व एक हात तोडण्यांत आले. सुमारें वर्षभर तो तसाच वावरला. पुढें पुण्याजवळ विटा पाडणाऱ्या जातीच्या एका मनुष्यानें त्यास नवें नाक दिलें. ती रीत अशी होती : तुटल्या जागेवर शोभेल असें मेणाचें नाक बेतून तें कपाळावर सपाट पसरावयाचें, त्याच्या कडेनें रेघ ओढून कातडी सोडवावयाची, परंतु दोन डोळ्यांमधील एक पट्टी तशीच राखावयाची, कारण रक्ताचा ओघ तिच्यांतूनच चालूं राही. कातडी खालीं वळवून बसविली कीं वर काताचा लेप लावलेल्या पट्ट्या, आणि चार दिवसांनंतर तुपांत भिजविलेलीं फडकीं. पंचविसाव्या दिवसाच्या सुमारास ती पट्टी कापीत.

१७९४ च्या ऑक्टोबरांत लंडनच्या ‘जंटलमन्स मॅगझिन’नें ही हकीकत चित्रासह छापली. कावसजीच्या कपाळावरील व्रण त्या चित्रांत उघड दिसतो. जोसेफ कार्प्यू या इंग्रज शल्यवैद्यानें याच रीतीचा प्रेतांवर सराव केला आणि १८१४ सालीं ती एका लष्करी अधिकाऱ्यावर यशस्वी करून दाखविली. पुण्याच्या त्या कारागिराचें नांव मात्र कोणीं टिपून ठेवलें नाहीं.

१८९८ सालीं बर्लिनमध्यें जाक योसेफ या शल्यवैद्याकडे एक गृहस्थ आला. त्याचें नाक शाबूत व निरोगी होतें. मोठें होतें इतकेंच. परंतु लोकांच्या नजरांनीं तो इतका त्रासला होता कीं चारचौघांत जाणेंहि टाळी. योसेफनें नाक लहान केलें आणि तो पुन्हां लोकांत मिसळूं लागला. योसेफ स्वतः ज्यू होता; नाकाच्या ठेवणीवरून ज्यूंची टवाळी होण्याचा तो काळ होता. पुढें त्यानें नाकाच्या आंतूनच छेद घेण्याची रीत अवलंबिली. व्रण दिसेनासा झाला, आणि त्याबरोबर शस्त्रक्रिया झाल्याची खूणहि.

पहिल्या महायुद्धांत हेंच शास्त्र पुन्हां जखमी चेहऱ्यांकडे वळलें. इंग्लंडांत सिडकप येथें १९१७ सालीं उघडलेल्या रुग्णालयांत हॅरल्ड गिलीज व त्याचे सहकारी यांनीं हजारों सैनिकांचे चेहरे घडविले.

सुरी या सर्व ठिकाणीं एकाच जातीची आहे. बदलतें तें माप. कावसजीला नाक हवें होतें. बर्लिनच्या गृहस्थाला लोकांची नजर नको होती. पहिल्याची उणीव शत्रूच्या शस्त्रानें केली होती, दुसऱ्याची शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या डोळ्यांनीं. आज निरोगी चेहरा घेऊन जो शल्यवैद्याच्या दारीं जातो, त्याच्या हातांतील मेणाचें नाक कोणीं बेतलें आहे, हें त्यानें आधीं पाहिलेलें बरें.