संघ लढत (द किंग ऑफ फायटर्स)

संघ लढत ही एसएनके या जपानी कंपनीच्या 'द किंग ऑफ फायटर्स' या व्हिडिओ गेम मालिकेतील मुख्य खेळपद्धती आहे. प्रत्येक खेळाडू तीन योद्ध्यांचा संघ घेतो व लढतीपूर्वी त्यांचा क्रम ठरवतो. एका वेळी दोनच योद्धे झुंजतात. पराभूताच्या जागी त्याचा पुढील सहकारी येतो. विजेता मात्र कायम राहतो आणि त्याची गमावलेली शक्ती अंशतःच भरून निघते. त्यामुळे एकाच योद्ध्याने तिघांना हरवणे शक्य असले तरी अवघड असते आणि क्रमाची निवड निर्णायक ठरू शकते. १९९४ च्या पहिल्या भागात आठ संघ ठरलेले होते. आवडते योद्धे वेगवेगळ्या संघांत असल्यास खेळाडूचा नाइलाज होई. १९९५ च्या भागात स्वतःचा संघ बांधण्याची मुभा मिळाली. २००३ च्या भागात झुंज चालू असतानाच योद्धा बदलता येऊ लागला.