आग्रा रोडवरची मिस्त्रीगिरी : ट्रकदुरुस्तीच्या धंद्याचा न मोजलेला इतिहास

नानांच्या गॅरेजमधल्या चार वह्या माझ्याकडे आहेत. लाल कापडी बांधणीच्या, किराणा दुकानात असतात तसल्या. पहिली १९६८ सालची, शेवटची १९९३ची. पानांच्या कडा ग्रीसच्या बोटांनी काळ्या झाल्या आहेत. नोंदी अशा : 'कमान, मेन पान १, बूश २, मजुरी. बाकी कांदा उतरल्यावर.' गिऱ्हाइकाचं नाव क्वचितच आहे. गाडीचा नंबर, नाहीतर 'इंदूरवाला सरदार', 'केळीवाला' एवढीच ओळख.

मी आयुष्यभर अर्थशास्त्र शिकवलं. निवृत्तीनंतर या वह्या उघडल्या, तेव्हा एक साधा प्रश्न पडला. देशाचा माल वाहणारे ट्रक ज्यांनी रस्त्यावर चालते ठेवले, त्यांचा धंदा केवढा? आकडा शोधायला बसलो आणि पहिल्याच पायरीवर अडखळलो. राष्ट्रीय औद्योगिक वर्गीकरणाच्या २००८च्या आवृत्तीत 'मोटार वाहनांची देखभाल व दुरुस्ती' हा ४५२० क्रमांकाचा एकच वर्ग आहे. त्यात शोरूमचं वातानुकूलित सर्व्हिस सेंटर आहे आणि पिंपळाखालचा कमानवालाही. मोटारसायकलींच्या विक्रीला आणि दुरुस्तीला मिळून वेगळा गट आहे, ट्रकला नाही. राष्ट्रीय उत्पन्नाच्या तक्त्यात हे सगळं 'व्यापार, दुरुस्ती, हॉटेल आणि उपाहारगृहे' या एका ओळीत विरघळून जातं. म्हणजे नानांनी बसवलेलं इंजिन आणि शेजारच्या हॉटेलातली मिसळ, दोन्ही एकाच रकान्यात.

जे मोजलं गेलं नाही ते लहान असतं, असा आपला समज असतो. तो या धंद्यापुरता तरी चुकीचा आहे, हे सांगण्यासाठी हा लेख.

घाटांच्या मधलं गाव

ट्रकदुरुस्तीचा धंदा कुठे वाढतो, हे धुळ्याकडे पाहिलं की कळतं. जुन्या क्रमांकांनुसार राष्ट्रीय महामार्ग ३ (मुंबई-आग्रा), ६ (सुरत-नागपूर-कोलकाता) आणि २११ (सोलापूर-औरंगाबाद-धुळे) हे तिन्ही इथे एकत्र येतात. त्याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे यातल्या कुठल्याही रस्त्याने आलात तरी वाटेत घाट लागतो. नाशिककडून येताना लळिंग, सुरतेकडून कोंडाईबारी, इंदूरकडून बिजासन, औरंगाबादकडून कन्नडचा घाट.

घाट गाडी मोडतो. चढताना क्लच प्लेट जळते, इंजिन तापतं, रेडिएटर उकळतो. उतरताना ब्रेक सतत दाबून ड्रम तापतात, लायनर झिजून गुळगुळीत होतात आणि ब्रेक लागेनासा होतो. खड्ड्यात आदळून कमानीचं मेन पान तुटतं. म्हणून घाट संपतो तिथे किंवा सुरू होण्याआधी गॅरेजं उभी राहतात. नानांच्या वह्यांत ब्रेक आणि कमान यांच्याच नोंदी सर्वांत जास्त आहेत, त्याचं कारण हा नकाशा.

दुसरं कारण रेल्वे. चाळीसगावहून धुळ्याला आलेला फाटा १९०० साली सुरू झाला आणि धुळ्यातच संपला. उत्तरेकडे थेट जाणारी रेल्वे नव्हती. मनमाड-इंदूर मार्गाला केंद्रीय मंत्रिमंडळाची मंजुरी मिळाली ती २०२४ साली. मधल्या सव्वाशे वर्षांत लासलगाव-पिंपळगावचा कांदा, खानदेशचा कापूस, नंदुरबारची मिरची यांना या गावातून उत्तरेला जायचं तर बैलगाडीनंतर ट्रकच होता.

तिसरं कारण थांबा. ट्रक जिथे सक्तीने थांबतो तिथे दुरुस्ती होते. जकात नाका, विक्रीकराचा तपासणी नाका, आरटीओचं पासिंग. मुंबईच्या तोंडाशी मुलुंड आणि दहिसर इथल्या जकात नाक्यांच्या रांगांत उभ्या गाड्यांवर कित्येक पंक्चरवाले आणि वायरमन जगले. १ जुलै २०१७ला वस्तू व सेवा कर आला, मुंबईची जकात गेली. मालवाहतुकीचा वेळ वाचला हे चांगलंच झालं. पण त्या रांगेवर ज्यांची चूल पेटत होती, त्यांचा हिशेब कुणी मांडला नाही.

गाड्या कुठून आल्या

मुंबईत जनरल मोटर्सने १९२८ साली गाड्यांची जुळणी सुरू केली, मागून फोर्ड आली. दुसरं महायुद्ध संपल्यावर लष्कराचे ट्रक लिलावात निघाले. 'डिस्पोजलची गाडी' हा शब्द आमच्याकडे कित्येक वर्षं टिकून होता. फाळणीनंतर आलेल्या अनेक पंजाबी कुटुंबांनी या धंद्यात पाय रोवले. १९५३ साली टॅरिफ कमिशनने शिफारस केली की, देशात उत्पादन करण्याचा कार्यक्रम नसलेल्या, केवळ जुळणी करणाऱ्या कंपन्यांनी थांबावं. जनरल मोटर्स आणि फोर्ड दोघींनीही गाशा गुंडाळला. त्यांच्या गाड्या मात्र रस्त्यावर राहिल्या, आणि त्यांचे सुटे भाग मिळणं अवघड होत गेलं.

इथून मिस्त्रीचं खरं राज्य सुरू झालं. भाग मिळत नाही, तर करून घ्यायचा. लेथवाल्याकडून बूश कातून आणायचा, लोहाराकडून पान ठोकून घ्यायचं. १९५७च्या सुमारास परकीय चलनाची टंचाई आली आणि आयात आणखी आवळली गेली. सरकार ज्याला आयात-पर्याय म्हणत होतं, तो आग्रा रोडवर कुणाच्याही परवानगीशिवाय रोज घडत होता. महाराष्ट्राला हे नवं नव्हतं. किर्लोस्करांचा सगळा पसारा १८८८ साली बेळगावातल्या सायकलच्या दुकानापासून सुरू झाला होता. आधी दुरुस्त करणारे हात आणि मग घडवणारे, हा आपल्याकडच्या कारखानदारीचा जुना क्रम आहे.

टेल्कोने डाइम्लर-बेन्झशी करार करून १९५४ साली जमशेदपूरला ट्रक बनवायला सुरुवात केली. मद्रासजवळ एन्नोरला १९५५पासून अशोक लेलँड हे नाव रूढ झालं. बेन्झशी असलेला करार १९६९ साली संपला आणि गाडीच्या तोंडावरचा तारा जाऊन 'टी' आला. ड्रायव्हर मंडळी मात्र पुढेही कित्येक वर्षं 'मर्सिडीज'च म्हणत. या गाड्यांचा एक गुण, ज्याला कारखानदारीच्या इतिहासात दोष म्हणतात, तो म्हणजे त्या फारशा बदलल्या नाहीत. तेच इंजिन, तोच गिअरबॉक्स वर्षानुवर्षं चालला. त्यामुळे मिस्त्रीचं ज्ञान शिळं झालं नाही. धुळ्यात शिकलेला पोरगा गुवाहाटीच्या रस्त्यावरही गाडी खोलू शकत होता. दिल्लीच्या काश्मिरी गेटपासून प्रत्येक जिल्ह्याच्या गावापर्यंत सुट्या भागांची बाजारपेठ उभी राहिली, ती या स्थिरपणावर.

१९५०-५१ साली देशातल्या मालवाहतुकीचा जवळजवळ नऊ दशांश हिस्सा रेल्वेकडे होता. आज दोन तृतीयांशाहून अधिक माल रस्त्याने जातो. या उलथापालथीची कारणं सांगताना नवे रस्ते, १९७५चा राष्ट्रीय परवाना, रेल्वेची अपुरी क्षमता यांचा उल्लेख होतो. दर पन्नास-शंभर किलोमीटरवर गाडी उघडून बसवणारा माणूस होता, हे कारण कुठे वाचायला मिळत नाही. तो नसता तर नव्या रस्त्यांवर बंद पडलेले ट्रक उभे दिसले असते.

हाफ इंजिनचा पैसा कुठे जातो

नानांच्या १९८१च्या वहीत एका हाफ इंजिनचा हिशेब दोन पानं भरून आहे. हाफ इंजिन म्हणजे इंजिन पूर्ण न उतरवता हेड, पिस्टन, रिंगा, लायनर, बेअरिंग यांचं काम. त्या हिशेबात नानांची मजुरी एका ओळीत संपते. बाकी ओळी दुसऱ्यांच्या आहेत : हेड घासणारा लेथवाला, डिझेल पंप आणि नोझल तपासणारा पंपवाला, रेडिएटरवाला, सेल्फ आणि डायनॅमो पाहणारा वायरमन, सुट्या भागांचा दुकानदार, ऑइलवाला. गाडी उभीच आहे म्हणून मालकाने कमानवाल्याला आणि पेंटरलाही बोलावलं. ड्रायव्हर-क्लीनरचं चार दिवसांचं खाणावळीचं बिलही नानांनीच भरून गाडीच्या खात्यावर टाकलं आहे.

एक गाडी उभी राहिली की आठ-दहा घरांत पैसा जातो. या धंद्याचा आकार गॅरेजं मोजून कळणार नाही, कारण गॅरेज हे त्याचं फक्त दार आहे. आत लोहार, सुतार, लेथवाले आहेत. महामार्गाकडेचे टायरवाले आहेत. त्यांत केरळातून आलेले इतके, की पंक्चरच्या टपरीवर मल्याळम ऐकू आली तर आमच्याकडे कुणाला नवल वाटत नाही. केंद्राच्या असंघटित उद्योगांच्या २०२३-२४च्या पाहणीत, शेती आणि बांधकाम वगळून, सुमारे सव्वासात कोटी आस्थापना आणि बारा कोटी माणसं मोजली गेली. नानांसारखे त्यात कुठेतरी आहेत.

गॅरेज हीच बँक

वह्यांतला 'बाकी' हा शब्द मला सर्वांत बोलका वाटतो. आपल्या देशात बहुतेक ट्रकमालकांकडे पाचपेक्षा कमी गाड्या असतात. कित्येकांकडे एकच, आणि तिचाही हप्ता चालू. अशा माणसाची गाडी वाटेत मोडली तर त्याच्या खिशात दुरुस्तीचे पैसे नसतात, कारण भाडं माल उतरल्यावर मिळणार. गाडी दुरुस्त झाली नाही तर माल उतरणार नाही. हा पेच मिस्त्री उधारीने सोडवत असे. तारण नाही, कागद नाही. परतीच्या फेरीला तो याच रस्त्याने येणार, एवढाच भरवसा. केळी किंवा कांदा भरलेला असेल तर दोन दिवसांचा उशीर म्हणजे मालाचा नाश, म्हणून रात्री दोनलाही उठावं लागे.

ही उधारी नेहमी परत आली असं नाही. चारही वह्यांत न खोडलेल्या ओळी आहेत. आईने एकदा त्यांची बेरीज करायला घेतली, तर नानांनी वही काढून घेतली. घरात तेव्हा माझ्या फीचे पैसे नव्हते, हेही मला आठवतं. छोट्या ट्रकमालकाच्या जोखमीचा एक भाग देशभरच्या मिस्त्रींच्या घरांनी असा उचलला. वाहतूक स्वस्त राहिली त्यात या घरांचाही वाटा आहे.

'पाना लई ये'

या इतिहासाची काळी बाजू लपवून चालणार नाही. 'बारा-तेराना पाना लई ये रे,' या अहिराणी हाकेला धावणारा पोऱ्या दहा-बारा वर्षांचा असे. तो शाळेतून सुटलेला नव्हता, शाळाच त्याच्यापासून सुटलेली होती. आधी पाने ओळखायचे, मग भाग रॉकेलने धुवायचे, मग चाक खोलायचं. पहिली काही वर्षं जेवण आणि सणाला कपडे, हीच मजुरी. १९८६च्या बालकामगार कायद्याखालच्या धोकादायक कामांच्या यादीत पुढे मोटार गॅरेजचाही समावेश झाला, तो योग्यच होता. जॅक सरकून बोटं गेलेली मुलं मी पाहिली आहेत. नानाही असेच पोऱ्या म्हणून लागले होते. त्यांच्या डाव्या हाताची करंगळी अर्धी होती.

पण हीही गोष्ट खरी की, आयटीआयमध्ये डिझेल मेकॅनिकचा अभ्यासक्रम असूनही आग्रा रोडवरच्या बहुतेक उस्तादांकडे त्याचा कागद नव्हता. ज्ञान हातातून हातात गेलं. त्याला प्रमाणपत्र नव्हतं, म्हणून बँकेचं कर्ज नव्हतं, म्हणून गॅरेज पत्र्याच्या शेडपलीकडे गेलं नाही.

स्कॅनरपुढे

१ एप्रिल २०२० पासून बीएस-६ मानकं लागू झाली. धूर कमी झाला आणि त्याची गरज होतीच. या गाड्यांत इंधनाचा दाब, फवारा, धुरावरची प्रक्रिया सगळं संगणक ठरवतो. बिघाड शोधायला कान पुरत नाही, स्कॅनर लागतो, आणि स्कॅनरमधलं सॉफ्टवेअर कंपनीच्या हातात असतं. सुटे भाग आणि तपासणीची साधनं स्वतंत्र गॅरेजांना न दिल्याबद्दल भारतीय स्पर्धा आयोगाने २०१४ साली १४ मोटार कंपन्यांना मिळून अडीच हजार कोटींहून अधिक दंड ठोठावला. तो खटला प्रवासी मोटारींचा होता आणि दंडाचा वाद पुढे वर गेला, पण त्यातलं तत्त्व ट्रकलाही लागू पडतं. डिसेंबर २०२२मध्ये केंद्राने 'दुरुस्तीचा हक्क' नावाचं संकेतस्थळ सुरू केलं. त्यात वाहनक्षेत्र आहे. पण हक्क गाडीच्या मालकाचा म्हणून मांडला आहे. दुरुस्त करणाऱ्याचाही काही हक्क असतो, हा विचार अजून व्हायचा आहे.

माझा धाकटा भाऊ आता गॅरेज चालवतो. बायपास झाल्यावर आग्रा रोडची जागा सोडून तो महामार्गावर गेला. जुन्या गाड्या आहेत तोवर काम आहे, असं तो म्हणतो. आठ वर्षांवरच्या गाडीला दरवर्षी पासिंग लागतं, त्याआधीची गर्दी अजून टिकून आहे. नवी गाडी आली तर तो कमान आणि ब्रेक करतो, इंजिनला हात लावत नाही. त्याने एक स्कॅनर घेतला आहे. तो चूक दाखवतो, पण कंपनीचं कुलूप उघडत नाही. भावाचा मुलगा पुण्यात एका कंपनीच्या वर्कशॉपमध्ये नोकरीला लागला. पगार वेळेवर होतो आणि रात्री दोनला उठावं लागत नाही. मला त्यात दुःख करण्यासारखं काही दिसत नाही. दुःख आहे ते इतकंच की, वडील-आजोबांनी जे केलं त्याला काय म्हणायचं, हे त्याच्या शिक्षणात कुठेच आलं नाही.

वर्गीकरणात ट्रकदुरुस्तीचा वेगळा रकाना करणं ही काही मोठी मागणी नाही. तो झाला तर कर्ज, प्रशिक्षण, विमा यांचा विचार करायला निदान आकडा मिळेल. तोवर आपल्याकडे आहेत त्या या वह्या. कऱ्हाड, मालेगाव, अकोला, कळंबोली, जिथे जिथे महामार्ग आहे तिथे कुणाच्या तरी माळ्यावर अशी वही असेल. दिवाळीच्या साफसफाईत ती रद्दीत घालू नका. एकदा उघडून 'बाकी'ची पानं वाचा.